गावातलं एकुलतं एक मशीन

मिन्योकाकांच्या धुराड्यातून सकाळपासून धूर नव्हता. ते पाहून झ्लातीना थेट त्यांच्या खिडकीशी आली. बल्गेरियाच्या त्या डोंगराळ गावात ऐन नोव्हेंबरात धडधाकट माणूस शेगडी विझू देत नाही.

कोरोनाची साथ आल्यापासून रुग्णवाहिका घाट चढून वेळेवर येईना, म्हणून गावातल्या चार बायकांनी आळ्या वाटून घेतल्या होत्या. शिवणकाम करणारी झ्लातीना रोज वरच्या आळीत फिरून लोकांच्या बोटाला ऑक्सिमीटर लावून रक्तातला ऑक्सिजन मोजायची. कुणाच्या घरात पाऊल टाकायचं नाही, हा निवृत्त नर्स बिस्त्राबाईंचा दंडक होता.

"काका, खिडकी तरी उघडा!"

"निघ इथून!" आतून खोकल्याची उबळ ऐकू आली. "गाडी बोलावशील तू. माझ्या बायकोला, वेलाला नेलं, शेवटी तोंडसुद्धा बघू दिलं नाही तिचं."

"नाही बोलावत गाडी. बोट द्या फक्त."

बऱ्याच वेळानं खिडकी किलकिली झाली. काकांचे ओठ निळसर पडले होते. आकडा आला एकोणऐंशी. तिनं बोट पुसून पुन्हा लावलं. अठ्ठ्याहत्तर.

तिनं बिस्त्राबाईंना फोन करून आकडा सांगितला. "ऑक्सिजनचं मशीन एकच आहे गं. तुझ्या आईकडे. ती दोन दिवस चौऱ्याण्णववर आहे ना?"

झ्लातीना आईच्या घरी गेली, तर आईनं मशीनची नळी दोन्ही हातांनी धरून ठेवली. "आणि मला लागलं तर? तो कोण लागतो तुझा?"

"कोणी नाही. सोड ना, आई."

झ्लातीनानं नळी सोडवून घेतलीच.

तिनं मशीन खिडकीतून आत दिलं, पण काकांना ते जोडता येईना. झ्लातीना उंबऱ्याशी थांबली. तिच्या घरी दमा असलेली लेक होती. मास्कवर रुमाल आवळून ती आत शिरली.

त्यानंतर ती लेकीकडे गेलीच नाही, आईकडेच राहिली. दिवसभर दोन घरांत धावत होती. काका सत्त्याऐंशी, आई ब्याण्णव. संध्याकाळी आई नव्वद. झ्लातीना अंगणात जाऊन भिंतीला धरून उभी राहिली. आपण आईला मारलं, एवढंच तिच्या मनात घोळत होतं.

सकाळी आईचा आकडा त्र्याण्णव झाला आणि तिथेच टिकला. चौथ्या दिवशी काका उठून बसले.

आई मात्र आठवडाभर बोलली नाही. मग एका दुपारी तिनं विचारलं, "पुन्हा नेशील मशीन?"

झ्लातीनाला 'नाही' म्हणता आलं नाही.