साडेसात मिनिटांचा वारा

“तुम्ही आयुष्यात नवीन काहीही केलेलं नाही. एवढं सिद्ध झालं की सुटलात,” तैसिया मार्कोव्ना म्हणाली. वकील असूनही हे ती मायेनं म्हणाली.

रोदियॉन साव्हेलिच बुक्रेयेव्हने मान डोलावली. सदुसष्टाव्या वर्षी माणूस घरी जायला मिळणार असेल तर काहीही कबूल करतो.

आरोप देशद्रोहाचा होता. आवाजाच्या सातपट वेगाने जाणाऱ्या यानाचं नाक किती तापतं, यावर त्याने परदेशी परिषदेत निबंध वाचला होता. सभागृहात नऊ जण होते, त्यांतले चार पुढच्या वक्त्यासाठी थांबलेले. जाण्याआधी त्याच्या संशोधन संस्थेच्या समितीने शिक्का मारून लिहून दिलं होतं: गुप्त काही नाही. तीन वर्षांनी तज्ज्ञांना ते गुप्त आढळलं. तज्ज्ञ कोण, हेही गुप्त होतं.

सैबेरियातल्या त्यांच्या संस्थेत यानाची मॉडेलं तपासायचा बोगदा होता; त्यात वारा सोडला की सेकंदाचा दहावा भाग टिकायचा. मग पुन्हा टाक्या भरत बसा. चौतीस वर्षांत साडेचार हजार वेळा सोडला. म्हणजे रोदियॉनची सगळी कारकीर्द मिळून साडेसात मिनिटांची. एवढ्याशा वाऱ्यात यानाचं मॉडेल तापतच नसे, आणि सगळं जग थंड मॉडेलवरच हिशेब करून मोकळं होई. रोदियॉन ते आधीच तापवून घेऊ लागला, शेगडीची तार गुंडाळून. संस्थेत त्याचं नाव ‘तवा’ पडलं.

खटला बंद दाराआड चालला. बायको झोया बाहेर बाकावर. साक्षीला आला लेव्ह इग्नातिच त्साप्लिन, संस्थेत शेजारच्या खोलीत बसणारा, रोदियॉनच्या डॉक्टरेटला दोनदा सुरुंग लावणारा. देशद्रोह्याच्या बाजूने बोलायला संस्थेतून तो एकटाच तयार झाला होता.

“यात नवीन काय आहे?” न्यायाधीशबाईंनी विचारलं.

“काडीचंही नाही. बासष्ट सालच्या क्रमिक पुस्तकात आहे, पान दोनशे अकरा. आमची पोरं तिसऱ्या वर्षाला शिकतात. नापासही होतात.”

“मग यांनी चौतीस वर्षं केलं काय?”

“मॉडेल तव्यावर ठेवलं. त्याला शोध नाही म्हणत, बाईसाहेब. नाश्ता म्हणतात.”

सरकारी वकीलसुद्धा हसला. न्यायाधीशबाईंनी पान दोनशे अकरा मागवून घेतलं आणि समजल्यासारखा चेहरा केला. त्साप्लिनने रोदियॉनला बसवलेल्या काचेच्या पिंजऱ्याकडे पाहिलं. वीस वर्षांत प्रथमच त्याच्या नजरेत वैर नव्हतं. नजर म्हणत होती, गप्प बस, गाढवा.

रोदियॉन गप्प बसला. चांगली अकरा सेकंदं बसला. तेवढ्यात त्याच्या बोगद्यात एकशे दहा प्रयोग झाले असते.

मग तो उठला. “त्या पुस्तकात यानाची भिंत थंड आहे!”

“खाली बसा, रोदियॉन साव्हेलिच!” तैसिया मार्कोव्ना ओरडली.

“थंड भिंतीचा हिशेब शेंबडं पोर करील! गरम झाली की सगळं बदलतं. त्या पानावरून बांधलेलं यान कुठेच पोहोचणार नाही, लेव्ह, आणि तुला हे नव्याण्णव सालापासून ठाऊक आहे!”

त्साप्लिनने डोळे मिटले.

“म्हणजे तुमच्या आकड्यांशिवाय यान पोहोचत नाही?” न्यायाधीशबाई हळूच म्हणाल्या.

“नाही.”

“आणि हे आकडे तुम्ही परदेशात वाचून दाखवले.”

“हो,” रोदियॉन म्हणाला. त्याला अचूकपणाची खोड होती. “जेवणाच्या सुट्टीआधी.”

निकालात लिहिलं होतं, ‘सदर संशोधन मूलगामी असून त्यास जगात तोड नाही.’ रोदियॉनने काचेच्या फटीला तोंड लावून ते वाक्य पुन्हा वाचायची विनंती केली. बाईंनी वाचलं. पुढे शिक्षा: बारा वर्षं. कारणं गुप्त राहणार, जाहीर होणार फक्त आकडा.

बाहेर आणताना झोयाने त्याची बाही धरली. “रोद्या, बारा? सकाळी वकीलबाई म्हणाल्या, संध्याकाळी घरी! आत झालं काय?”

“सांगता येत नाही, झोयेन्का.”

“मग हसतोस कशाला, मेल्या?”

शिपायांनी त्याला जिन्यावरून खाली नेलं. त्साप्लिन येऊन बाकावर बसला.

“तुम्ही तरी सांगा, लेव्ह इग्नातिच.”

“गुप्ततेच्या कागदावर माझीही सही घेतलीय.”

घरी चालत जाताना लागतील म्हणून तिने त्याचे बर्फातले बूट आणले होते. तुरुंगात नाड्या चालत नाहीत. तिने एक बूट मांडीवर घेतला आणि वरच्या भोकापासून नाडी ओढायला लागली. त्साप्लिनने थोडा वेळ पाहिलं. मग दुसरा बूट उचलला.