पहिल्या तारखेचं माहेर

जुन्या लुगड्याच्या धडप्यात शंभर-शंभराची आठ पुडकी ठेवून यशोदेनं गाठ मारली, दातांनी ओढून घट्ट केली आणि पुरचुंडी ओच्यात खोचली. ज्योतीराम दारात उभा राहून बघत होता. पाडव्यासाठी शिवलेला सदरा त्यानं पाच दिवस आधीच अंगात घातला होता.

"नीट बांधलंस न्हवं?" त्यानं विचारलं.

"तिसऱ्यांदा इचारताय."

"एक पुडकं जरी कमी पडलं तरी हेलपाटा वाया जाईल, म्हून म्हनलं."

भोसरीच्या फाट्यावर एसटी आली. रविवार असल्यामुळं गर्दी बेताची होती, दोघांना शेजारी जागा मिळाली. चाकणची दोन तिकिटं काढून ज्योतीराम खिडकीतून बाहेर बघत उगाच हसत राहिला. चौदा वर्षं जे घर त्यानं शाकारलं आणि यशोदेनं सारवलं, ते आज खरोखर त्यांचं होणार होतं. घर म्हणजे काय, तीन खण, वर कौलं आणि परसात एक शेवगा. चव्वेचाळीस साली मूळ मालक मुंबईला निघाला तेव्हा स्वस्तात देऊन गेला. स्वस्त झालं तरी आठशे रुपये कमीच पडत होते. ते चाकणच्या हिंदुरावांनी दिले, घर गहाण लिहून घेऊन. दर महिना शेकडा दीड रुपया, म्हणजे महिन्याला बारा.

ते बारा रुपये ज्योतीरामानं कधी चुकवले नाहीत. आधी खडकीच्या कारखान्यात घण मारत होता तेव्हा दिले, पुढं पिंपरीला औषधाच्या कारखान्यात लागला तेव्हाही दिले. साबणाची वडी वापरली की झिजते, तसं कर्जही महिन्याला थोडं थोडं झिजत असणार, असा त्याचा सरळ समज होता. तीन वर्षांपूर्वी कसल्याशा फॉर्मसाठी घराचा कागद घेऊन तो कारखान्याच्या टाइम ऑफिसातल्या उद्धवराव कारकुनाकडं गेला आणि तो समज फिटला.

"मुद्दल किती फेडलंत, भाऊ?" उद्धवरावांनी कागद वाचता वाचता विचारलं.

"दर म्हैन्याला बारा देतो की. अकरा वर्सं झाली."

"ते व्याज झालं. मुद्दल?"

उद्धवरावांनी कागदाच्या कोपऱ्यावर आकडेमोड केली. अकरा वर्षांचे पंधराशे चौऱ्याऐंशी. ते गेले ते गेलेच. आठशे होते तसेच, जागच्या जागी. वर कागदात एक ओळ होती, ती त्यांनी बोट ठेवून दोनदा वाचून दाखवली. मुद्दल एकरकमी द्यायचं. आठशेच्या आठशे एका वेळी आणून ठेवले तरच घर सुटणार. सातशे नव्व्याण्णव नेले तरी सावकार घेणार नाही आणि व्याज पुऱ्या आठशेवरच चालू राहणार.

त्या दिवशी ज्योतीराम जेवला नाही. "दोन घरं आली असती गं," एवढंच म्हणाला. दुसऱ्या दिवसापासून मिळेल तो ओव्हरटाइम करायला लागला. तीन वर्षं त्यानं सणवार पाहिला नाही. यशोदेनं हातातल्या पाटल्या मोडल्या. असे आठशे जमले. तोवर व्याजाचा आकडा दोन हजार सोळावर जाऊन पोचला होता.

पण त्या दोन हजारांत जे धरलेलंच नव्हतं, ते यशोदेच्या मनातून जात नव्हतं.

एक्कावन्न साली हिंदुरावांनी आपल्या धाकट्या मुलासाठी, मालोजीसाठी, ज्योतीरामाच्या लेकीला, शालनला मागणी घातली. ज्योतीराम कां कूं करत होता. हट्ट धरला तो यशोदेनं. "सोयऱ्याला कुनी याज लावतं का?" असं तीच म्हणाली होती. हिंदुरावांनी हुंडा मागितला नाही, उलट लग्नाचा निम्मा खर्च उचलला. लग्न लागलं आणि पुढच्याच महिन्यात त्यांनी शांतपणे सांगितलं, सोयरीक सोयरिकीच्या जागी, येव्हार येव्हाराच्या जागी. करायला गेली गणपती आणि झाला मारुती. परका सावकार असता तर पावती मागता आली असती, चार माणसं घालून घासाघीस करता आली असती, तालुक्याला वकील गाठता आला असता. आता मुलीकडचे म्हणून मान खाली. अवघड जागेचं दुखणं आणि जावई डॉक्टर म्हणतात ना, त्यातली गत. लोक म्हणायचे, भीड भिकेची बहीण. म्हणणाऱ्यांची लेक त्या घरात नव्हती.

व्याज न्यायला शालनच यायची. नोकराच्या हाती पैसा द्यायचा नाही आणि मुलांना कांद्याच्या आडतीवरून उठायला सवड नाही, म्हणून हिंदुरावांनी तशी सोय लावली होती. "तेवढंच पोरीला म्हायार," असंही वर म्हणाले होते. आणि झालंही तसंच, तेवढंच माहेर उरलं. पंचमीचं नाव काढलं की विहीणबाई म्हणायच्या, म्हैन्याच्या म्हैन्याला जातीया की, आणि पंचमी कशाला येगळी? दिवाळीलाही हेच उत्तर.

पहिल्या तारखेला ती सकाळच्या एसटीनं उतरायची. सोबतीला भिमाजी, हिंदुरावांचा म्हातारा गडी. तो ओट्यावर तंबाखू मळत बसायचा. पहिल्या वर्षी शालन खूप बोलायची. पुढं बोलणं आटत गेलं. आता ती यायची, भाकरी खायची आणि भिंतीकडं तोंड करून झोपायची. चाकणला पहाटे उठून बारा माणसांच्या भाकरी, मग दिवसभर कांदा निवडणं. हाताला कांद्याचा वास असा मुरला होता की राखेनं घासूनही जात नसे. यशोदा उशाशी बसून पदरानं वारा घालायची. अडीच वाजले की उठवायची, वेणी घालायची, बारा रुपये रुमालात बांधून द्यायची. ज्योतीरामानं हे कधी पाहिलंच नाही. तो तेव्हा कामावर असायचा. संध्याकाळी आल्यावर विचारायचा, "आलती का? काय म्हनली?"

"बरी हाय," यशोदा सांगायची.

चाकणला हिंदुरावांच्या सोप्यात घोंगडी अंथरली होती. अंगणात कांद्याचा ढीग, त्याचा उग्र दर्प थेट आत येत होता. हिंदुराव तसे वाईट नव्हते. त्यांनी कुणाचा पैसा बुडवला नव्हता आणि कुणाला पैसा सोडलाही नव्हता. त्यांनी आधीच पेटी उघडून गहाणाचा कागद काढून ठेवला होता.

"लई आनंद झाला, पाव्हणं," ते म्हणाले. "कर्ज डोक्यावर नसावं मानसाच्या. आन आमच्या सूनबाईचं हेलपाटंबी वाचलं."

"व्हय तर," विहीणबाई दारातून म्हणाल्या. "दर पैल्या तारखेला आमचा एक हात कमी पडायचा. आता घरीच ऱ्हाईल. विहीणबाई, जावा की आत, भेटा लेकीला."

स्वयंपाकघरात शालन चुलीपुढं बसली होती. डोक्यावरचा पदर तसाच ठेवून तिनं आईकडं पाहिलं आणि बाजूचा पाट पुढं सरकवला.

"आये, समदं आनलं?"

"आनलं. आठशे."

"बरं झालं. आबा लई राबलं." तिनं तव्यावरची भाकरी उलटली. "म्हंजी आता पैल्या तारखेला यायचं न्हाई मला."

"पंचमीला धाडतील की गं आता."

"थोरल्या जाऊबाईला नऊ वर्सं झाली हितं. येकदाच धाडली, बाप गेला तवा."

तिच्या बोलण्यात तक्रार नव्हती. बाजारात आज कांदा काय भाव गेला हे सांगावं तसं ती सांगत होती. भाकरी टोपल्यात टाकून तिनं दुसरा गोळा घेतला, थोडा थापला आणि थांबली.

"तुझ्याकडं झोप लागती मला, आये," ती म्हणाली. "हितं न्हाई लागत."

यशोदेला त्या पोरीला तिथल्या तिथं उठवून घेऊन जावंसं वाटलं. पण तशी कुणी लेक नेत नाही, हे तिला माहीत होतं आणि शालनलाही. सोप्यातून ज्योतीरामानं हाक मारली. शालन पाण्याचा तांब्या भरायला उठली. तेवढ्यात यशोदेनं भिंतीकडं वळून ओच्यातली पुरचुंडी सोडली, हात आत घातला, हात चोळीशी नेला आणि पुन्हा गाठ मारली. या वेळी दात लावले नाहीत.

हिंदुरावांनी बोट ओलं करून एकेक पुडकं मोजलं. दहा-दहाच्या नोटा. सात पुडकी झाली. त्यांनी धडपं झटकलं.

"सातच हायती, पाव्हणं."

"आठ हायती," ज्योतीराम म्हणाला. "म्या सोता मोजल्यात." त्यानं घोंगडीची कड उचलून पाहिली, मग बायकोकडं पाहिलं. "अगं, आठ बांधलीस न्हवं?"

यशोदा खाली बघत होती. "शंभर म्या मोडलं," ती म्हणाली. "घरात लागलं. तुमास्नी सांगायचा धीर झाला न्हाई."

सकाळी आपल्या डोळ्यांदेखत बांधलेली आठ पुडकी ज्योतीरामाला दिसत होती. व्याह्याच्या सोप्यात बसून बायको खोटं का बोलते आहे, हे त्याला कळेना. शरमेनं त्याचे कान तापले.

"बायकांच्या हाती पैका दिला की ह्ये असं व्हतं," हिंदुराव म्हणाले, पण रागानं नाही.

"सातशे ठिवून घ्या," ज्योतीराम चाचरत म्हणाला. "शंभर मागनं देतो. सोयरं हाय आपन."

"कागदात एकरकमी लिवलंय. तुमाला सूट दिली तर उद्या धा जन दारात हुबं ऱ्हातील. न्ह्या परत. व्हतील तवा आना." त्यांनी कागदाची घडी घातली आणि पेटीत ठेवली. "आन येत्या पैल्या तारखेला सूनबाईला धाडतो, नेहमीपरमानं."

"धाडा," यशोदा म्हणाली. इतक्या पटकन म्हणाली की विहीणबाईंनी मान वळवून पाहिलं.

शालन तांब्या घेऊन दारात उभी होती. ज्योतीरामाची नजर तिच्याकडं गेली. पोरीचं तोंड त्यानं किती महिन्यांनी नीट पाहिलं कोण जाणे. डोळ्यांखाली काळं आलं होतं, गालाची हाडं वर आली होती, आणि ती आईकडं टक लावून बघत होती. त्यानं तिच्या हातून पाणी घेतलं, प्यायला आणि उठला.

परतीच्या एसटीत मोशी मागं पडली तशी यशोदेनं चोळीतून पुडकं काढून त्याच्या मांडीवर ठेवलं. त्यानं ते हातात धरलं, मोजलं नाही.

"तीन वर्सं राबलो म्या," तो म्हणाला.

"व्हय."

"रातपाळ्या केल्या. ह्याच्यासाठी?"

यशोदेला रडू आलं. पदरानं तोंड पुसत ती म्हणाली, "ती बोलत न्हाई आता. म्या तुमाला सांगत नव्हते. येती, जेवती आन झोपती. दोन-तीन तास पडती आन अडीचला उठवावी लागती. तेवढंच हाय तिला, दुसरं काय न्हाई. कागद सुटला असता तर तेबी गेलं असतं. मला मारा, शिव्या द्या. पर म्या शंभर दिलं नसतं."

ज्योतीराम बाहेर बघत राहिला. रस्त्याच्या कडेनं कांद्याच्या गाड्या ओळीनं चाकणकडं चालल्या होत्या. त्यानं पुडकं सदऱ्याच्या खिशात घातलं आणि खिशावर हात ठेवला. भोसरीची झाडं दिसायला लागली तेव्हा तो हळूच म्हणाला, "बारा रुपये."

"म्हैन्याला," ती म्हणाली.

"पैली तारीख कंच्या वारी येती?"

"मंगळवारी."

"रजा टाकतो त्या दिशी."

"पगार कापतील."

"कापू देत. उठवायचो न्हाई तिला. बोलायचोबी न्हाई. नुसता बसंन."