बुटांच्या नाड्या

माझा भाऊ सोइचिरो जन्मात कधी बूट नीट काढून ठेवणारा नव्हता. दारात एक उताणा, एक पालथा. आई ओरडून ओरडून थकली. आणि पोलीस म्हणाले, त्याने नोतोच्या कड्यावर बूट काढले, टाचा जुळवल्या, टोकं समुद्राकडे केली, नाड्या दोन बोटांभोवती गुंडाळून आत ठेवल्या आणि उडी मारली. जीव देणारे असेच ठेवतात म्हणे! त्या बुटांचा फोटो पोलिसांनी मला दाखवला, छापला मात्र कुठेच नाही. सोइचिरो पत्रकार; कारखान्याच्या विषारी पाण्याची त्याने आणलेली बातमीही त्याच्या वर्तमानपत्राने छापली नाही.

त्या वर्तमानपत्राचे मालक अकुत्सु अंत्यविधीत ढसाढसा रडले. त्या दिवशी ते तोक्योत होते, तो कडा त्यांनी कधी पाहिलाच नव्हता, असं पोलिसांना सांगून मोकळे झाले. माझा विश्वास बसला नाही. अकरा वर्षं मी मनात त्या माणसाचं वाटोळं चिंतत होते.

मग अकुत्सुंनीच या मरणावर सिनेमा काढला. हुतात्मा पत्रकार, थोर मालक! त्यात सामानसुमान मांडायचं काम मी धरलं. आडनाव सासरचं, मला कोण ओळखतंय? पहिल्याच दिवशी आम्ही सगळे उतरलो होतो त्या सराईच्या दारात अकुत्सुंचे बूट पाहिले. नाड्या गुंडाळून आत ठेवलेल्या. मी फोटोची सगळी हकिगत दिग्दर्शक हिराबायाशीला सांगितली.

कड्यावरच्या प्रसंगाच्या चित्रीकरणाला अकुत्सु हजर होते. मी सोइचिरोचेच बूट आणले होते. ते त्याच्यासारखेच फेकले, एक उताणा, एक पालथा.

"अहो ताई, ही काय रीत? मेलेल्या माणसाची तरी लाज बाळगा!" अकुत्सु खेकसले.

"मला मेलीला कुठलं जमायला! तुम्हीच दाखवा ना, साहेब."

ते वाकले. टाचा जुळवल्या, टोकं समुद्राकडे केली. एवढं आमच्यातल्या कुणीही केलं असतं. मग त्यांनी नाडी उचलली, दोन बोटांभोवती गुंडाळली आणि आत ठेवली. मग दुसरी.

"हं, हे असं."

"अगदी असेच होते," मी म्हणाले. "माझ्या भावाचे बूट तुम्ही दुसऱ्यांदा लावलेत, साहेब."

त्यांनी मान वर केली. बोटं अजून बुटातच होती. समोर कॅमेरा चालू होता. 'कट' म्हणायची हिराबायाशीला घाई नव्हती. मला तर मुळीच नव्हती.