वडिलांची सही

रत्नाबाईंचे पती पंडित १९८६च्या फेब्रुवारीत हार्ट अटॅकने गेले आणि एप्रिलमध्ये लेक संघमित्राला इंजिनिअरिंगची ॲडमिशन मिळाली. आनंद करावा की रडावं, हे रत्नाबाईंना कळेना. या परक्या देशात वृद्धांच्या नर्सिंग होमच्या लाँड्रीत चादरी धुवून लेकीची फी निघणार नव्हती. कॉलेजमधल्या बाई म्हणाल्या होत्या, फेडरल म्हणजे केंद्र सरकारची आणि राज्याची, दोन्ही ग्रँट मिळाल्या तर निभेल. एकीवर भागायचं नाही.

फेडरलवाल्यांनी वडील वारल्याचा वेगळा फॉर्म घेऊन ग्रँट मंजूरही केली. राज्याचं उत्तर आलं जूनमध्ये: नामंजूर. कुटुंबाचं उत्पन्न जास्त. त्यांनी पंडितांचा गेल्या वर्षीचा पगार धरला होता.

रत्नाबाईंनी डेथ सर्टिफिकेट पाठवलं. मिळालं नाही, असं कळवण्यात आलं. रजिस्टर्ड पोस्टाने पुन्हा पाठवलं, तर छापील पत्र आलं: फॉर्मवर वडिलांची सही राहिली आहे.

"सही? कुठून आणू सही?" त्या ओरडल्याच.

"आई, प्लीज. इट्स जस्ट अ कम्प्युटर लेटर," संघमित्रा म्हणाली, पण तिचेही डोळे भरले होते.

ऑगस्टमध्ये बिनपगारी रजा टाकून दोघी बसने राज्याच्या राजधानीत धडकल्या. काउंटरवरच्या क्लार्कने फाइल चाळली आणि मान वर न करताच म्हणाला, "नवऱ्याला इथे सही करायला सांगा."

रत्नाबाईंचं इंग्रजी कामापुरतंच. त्या एकेक शब्द सुटा करत म्हणाल्या, "माय हजबंड इज डेड. आय टोल्ड यू टू टाइम्स."

क्लार्क सॉरी म्हणाला. पण अपिलाची मुदत जुलैत संपली होती. आता जानेवारीच्या सत्रापासूनच विचार होईल.

"मुदत तुमच्याच पत्रांमुळे गेली!" संघमित्राने इंग्रजीत सुनावलं. रांगेतले लोक बघू लागले.

"जानेवारीपासून देणार, असं लिहून द्या म्हणावं," रत्नाबाई तिला म्हणाल्या. "त्याशिवाय मी इथून हलत नाही."

अर्ध्या तासाने सुपरवायझरने सही-शिक्क्याचं पत्र आणून दिलं.

होस्टेल कॅन्सल केलं. पहिल्या सत्रात संघमित्राने जेमतेम दोन विषय घेतले आणि बसने ये-जा केली. जानेवारीत राज्याची ग्रँट आली खरी, पण हुकलेले विषय आता सप्टेंबरलाच मिळणार होते.

"एक वर्ष गेलं, आई."

"गेलं," रत्नाबाई म्हणाल्या. राग अजून तसाच होता. पुढच्या वर्षीचे फॉर्म टपालाने आले होते. त्यांनी पाकीट फोडलं आणि पेन लेकीपुढे सरकवलं.