बालाघाटची सून

रोहिणखेडच्या बाजारात पुढारी भाऊंची सभा झाली तेव्हा गीताबाईनंही सगळ्यांसोबत टाळ्या पिटल्या. "गावागावात बांगलादेशी लपलेत, हुडकून काढा!" भाऊ माईकवर गरजत होते. घरी आली, सुनेला भाकरी थापताना बघितलं, आणि बाईनं दार आतून लावून घेतलं.

तिचा पोरगा गोविंदा पस्तिशीला टेकला तरी शेती करणाऱ्याला कोणी पोरगी देईना. शेवटी मध्यस्थाकरवी बंगालमधल्या कूचबिहारची गरिबाघरची लेक आणली, लग्नात नाव ठेवलं अश्विनी, आणि गावाला सांगून टाकलं, मध्य प्रदेशातल्या बालाघाटची आहे. लोकांच्या चौकशा नकोत म्हणून मारलेली साधी थाप! आता ती उघडी पडली तर पोरीला बांगलादेशी म्हणून उचलून नेतील. ती भारतातलीच आहे हो, म्हणून कितीही बोंबललं तरी ऐकणार कोण?

त्यात संक्रांत आली. हळदीकुंकू टाळावं तर बायका हजार शंका काढणार. भाऊंच्या महिला आघाडीची सुवर्णा तर सगळ्यांच्या आधी येऊन बसली. अश्विनीनं पाठ केलेला उखाणा न अडखळता घेतला, तसा गीताबाईचा जीव भांड्यात पडला. पण देवाला ओवाळताना पोरीचं भान सुटलं. माहेरी शुभकार्याला बायका काढतात तसा जीभ हलवत तिनं लांबलचक उलू-उलू असा आवाज काढला.

सगळ्यांच्या माना वळल्या.

"हे कुठची रीत व गीतामावशी?" सुवर्णानं मोबाईल हातात घेतला. "बालाघाटची त नाही वाटत."

काहीतरी सांगून वेळ मारून न्यावी, असं गीताबाईच्या मनात आलं. पण सून रडवेली होऊन तिच्याकडेच बघत होती, आणि बाईचं टाळकंच सटकलं.

"बंगालची हाय! काऊन आणली, ऐकतं? सुवर्णे, तुह्या पोरीले मागणं घातलं होतं म्या. वच्छलाबाई, तुमच्या बी. शेतकऱ्याच्या घरी नाही देत म्हणल्या. मंग सून का आभाळातून आणू?"

वच्छलाबाईनं मान खाली घातली. सुवर्णा मात्र ताडकन उठली. "खरं हाय त लपवलं काऊन?" म्हणत ती बाहेर ओट्यावर गेली. तिच्यामागं बाकीच्याही कुंकू लावून न घेता चपला शोधायला लागल्या.

वच्छलाबाई तेवढी थांबली. अश्विनीसमोर जाऊन तिनं कपाळ पुढं केलं. "लाव व पोरी."

अश्विनीनं कुंकू लावलं, थोडं नाकावर सांडलं. बाहेर सुवर्णा फोनवर भाऊंच्या माणसाला गोविंदाच्या घराचा पत्ता सांगत होती.