येळवशीचे पाहुणे

जगदेवीकडं कागद नव्हता. सगळं घोडं तिथंच अडलं होतं.

बहात्तरच्या दुष्काळात धोंडीरामाची बैलं दावणीलाच मेली. तेव्हा शेजारच्या निंगप्पानं आपली बैलजोडी त्याला दिली, आणि बदल्यात धोंडीरामानं ओढ्याकडचं दोन एकर रान निंगप्पाला दिलं. दोघांनी बेलभंडार उचलला, शपथ घेतली, झालं. त्या रानात पुढं निंगप्पाची सून जगदेवी राबली, नवरा गेल्यावरही राबली. सातबाऱ्यावर मात्र धोंडीरामाचंच नाव राहिलं, आणि त्याच्यामागं नातवाचं, सयाजीचं लागलं. पन्नास वर्षं त्यावाचून कुणाचं काही अडलं नाही.

मग कुंभारी गावाच्या अंगानं नवा रस्ता आखला गेला, तो नेमका त्याच रानातून. मोबदल्याची नोटीस सयाजीच्या नावानं आली. त्या पैशात जगदेवीला गावातच दुसरं रान घ्यायचं होतं. नाहीतर उद्यापासून लोकांच्या बांधावर मजुरी. तिनं हरकत घेतली.

सयाजी काही वाईट माणूस नव्हता. पण सातबाऱ्यावर आपलं नाव दहादा वाचलं की रानही आपलंच वाटायला लागतं. सुनावणीला तो साक्षीदार म्हणून आपल्या आईला, केराबाईला, घेऊन आला. त्या रानात आपलं वर्षानुवर्षं जाणंयेणं हाय, एवढंच सांग, असं त्यानं वाटेत तिला तीनदा बजावलं होतं.

भूसंपादनाच्या साहेबांनी जगदेवीला कागद विचारला. कागद नाही, असं तिनं सांगितलं. वाद मिटला नाही तर रक्कम कोर्टात जमा होईल आणि मग वर्षं लागतील, हे साहेबांनी दोघांनाही समजावून सांगितलं. मग ते केराबाईकडं वळले.

"आजी, त्या रानात तुमचं जाणंयेणं आहे?"

"हाय की. लगीन झाल्यापासनं दरसाल जाते."

सयाजीनं समाधानानं मान हलवली.

"कशाला जाता?"

"येळवशीला. जेवायला."

साहेब या भागातलेच असावेत, कारण त्यांनी लेखणी खाली ठेवली. मार्गशीर्षातल्या अमावस्येला जो तो आपल्या रानात कडब्याची खोप करतो, पाच दगडांना चुना लावून पांडव म्हणून पुजतो आणि आल्यागेल्याला बाजरीचे उंडे न् आंबील वाढतो, हे त्यांना सांगावं लागलं नाही. त्यांनी एवढंच विचारलं, तिथले पांडव कोण पुजतं?

"पयली हिची सासू पुजायची, आता ही पुजती. आमी पाव्हणं." केराबाई लेकाकडं वळली. "सयाजी, लहानपणी उंडं खाऊन तितंच खोपीत झोपायचास. जितं पाव्हणं म्हणून जेवलो, ते रान आपलं कसं रं?"

सयाजीनं चपलेच्या अंगठ्याकडं बघितलं. मग त्यानं विचारलं, "साहेब, संमती कुटं लिवायची?"

बाहेर आल्यावर जगदेवी केराबाईच्या पाया पडली.

"ऊठ. आंबील तुझ्या सासूवानी न्हाय जमत तुला," केराबाई म्हणाली, "मीठ लई घालतीस. पर दरसाल वाढलीस की."

रस्त्याची यंत्रं येण्याच्या आदल्या दिवशी जगदेवी रानात गेली. पाचही दगड तिनं पदरात घेतले. नव्या रानाची खरेदी व्हायला अजून महिना होता आणि येळवस तर आठ दिवसांवर आली होती. यंदा पांडव बसवायचे कुठं, या विचारात ती बांधावर थांबली होती.

तेवढ्यात सयाजी आला. त्याच्या हातात चुन्याची बादली होती.

"वैनी, आमच्या रानात खोप घातलीया," तो म्हणाला. "पांडव तितं बसवू. आईनं सांगितलंय, यंदा तुमी पाव्हण्या."

जगदेवीनं पदरातले दोन दगड त्याच्या हातात दिले, आणि तीन घेऊन ती त्याच्यामागं चालू लागली.