गाणारा मास्तर

माझी चाळीस वर्षं दुसऱ्यांचे बाप, हवालदार, कारकून होण्यात गेली. नायकाच्या मागे उभं राहायचं, दोन वाक्यं बोलायची, घरी यायचं. लोक रस्त्यात थांबवायचे, "तुम्हाला कुठंतरी पाहिलंय." नाव कुणाला आठवायचं नाही.

मग एका मालिकेत शिंप्याचं काम आलं. चार भागांचं. दिग्दर्शक म्हणाला, "काका, काहीतरी वेगळं करा, नाहीतर एडिटिंगमध्ये उडाल."

मला फार शोधावं लागलं नाही. माझा थोरला भाऊ शिंपी. लहानपणापासून बोलताना अडतो, पण गाताना अडत नाही. म्हणून तो गिऱ्हाइकाची मापं गाऊनच सांगायचा. "छाती अडतीस, हो अडतीस, बाही चोवीस, अहो चोवीस," आणि वहिनी वहीत उतरवून घ्यायची. मी ते जसंच्या तसं उचललं. मधल्या बोलण्यातलं अडणंही उचललं.

सेटवर लाइटवाले पोट धरून हसले. चार भागांची चार वर्षं झाली. माझं नाव अजूनही कुणाला ठाऊक नव्हतं, पण 'गाणारा मास्तर' घरोघरी पोचला.

दादानं कधी तक्रार केली नाही. फोनवर वहिनीच बोलायची. तो कामात असेल, असं मला वाटलं. खरं म्हणजे मी तसं वाटून घेतलं.

यंदा मला पुरस्कार जाहीर झाला. त्यासाठी कोट हवा होता. तो दादाकडूनच शिवून घ्यायचा आणि त्या निमित्तानं माफी मागायची, असं ठरवून मी दुकानात गेलो.

"या भावोजी," वहिनी काजं करता करता म्हणाली. "टीव्हीतून बाहेर यायची वाट सापडली म्हणायची."

दादानं नुसती मान हलवली. मला आरशासमोर उभं केलं, पाठीवर टेप लावली, खांदा मोजला. कानामागची पेन्सिल काढून स्वतःच वहीत आकडा लिहिला.

मी वहिनीकडे पाहिलं.

"आता तेच लिहितात," ती म्हणाली. "पोरं दाराशी यायची, मास्तर, गाऊन दाखवा. गिऱ्हाइकं मोबाइल धरून उभी राहायची. एका बाईनं तर दोनदा माप घ्यायला लावलं. पहिल्यांदा रेकॉर्डिंग नीट झालं नाही म्हणे. त्या दिवसापासून बंद."

"आणि बोलणं?"

"घरात. माझ्याशी. तेही दार लावून."

टेप माझ्या छातीभोवती होती. दादाचं पांढरं डोकं हनुवटीखाली आलं होतं. मी सकाळपासून एकच वाक्य घोकत होतो. चाळीस वर्षांत कॅमेऱ्यापुढे मी कधी वाक्य विसरलो नव्हतो. तोंड उघडलं.

"दा... दा... दादा, मी... म..."

शब्द खरोखरच निघेना.

दादाचा हात थांबला. त्यानं वर पाहिलं. नजरेत राग असता तर बरं झालं असतं. तो फक्त दमलेला दिसला. मग बराच वेळ घेऊन, ती मालिका सुरू झाल्यापासून पहिल्यांदाच, माझ्याशी बोलला.

"इ... इथं त... तरी नको रे."

"दादा, शपथ, ही नक्कल नव्हती!"

हे वाक्य मात्र खणखणीत निघालं. शेवटच्या रांगेपर्यंत ऐकू जावं तसं. माझं मलाच ते पाठ केलेलं वाटलं. वहिनीनं मान खाली घालून सुईत दोरा ओवायला घेतला.

दादानं छातीचं माप लिहिलं. मग दोन बोटांनी माझं मनगट धरून हात बाजूला उचलला, बाही मोजली, वहीत लिहिली आणि वही मिटली. माप कधीच संपलं होतं. "हात खाली घे" असं तो म्हणेल, म्हणून मी तसाच उभा राहिलो.